सोनकांबळे सरांचा जोकर

अगदी परवापरवापर्यंत सोनकांबळे सरांच्या घरातून एखादी बाई किंचाळली तर आमच्या गल्लीत कुणी हातातला घाससुद्धा खाली ठेवत नव्हतं. फार तर कुणी विचारायचं, "कोनती हाय गं? गोरी का कुरळ्या केसाची?" घरातलं पोरगं कान देऊन सांगायचं, "गोरी. तिला करवतीनं मारतंय." मग घास तोंडात जायचा.

नवा भाडेकरू मात्र पहिल्या रविवारी धावत सुटायचा. एकदा आमच्या समोर बँकेतला एक तरुण राहायला आला. आल्याच्या रविवारी भर दुपारी त्यानं किंकाळी ऐकली आणि पोराची बॅट उचलून सरांच्या दारावर धडक दिली. मीही मागोमाग गेले, कारण बॅट आमच्या पोराची होती. आत पाहतो तर सर बनियनवर, मांडीवर ताट, ताटात वरण-भात आणि ठेचा. समोर टीव्हीवर लाल नाकाचा एक जोकर एका माणसाच्या पोटातून आतडी ओढून काढत होता, जादूगार टोपीतून रुमाल काढतो तशी. सर म्हणाले, "या या! बरोबर टायमावर आलात. आता बगा मज्जा!" शेजारी सुमनताई, त्यांची बायको, डोळ्यांवर पदर घेऊन बसलेली. पदराआडूनच ती म्हणाली, "भिऊ नका भाऊ, खोटं असतंय ते. पाणी देऊ का?" त्या बँकवाल्यानं पुढं कित्येक दिवस वरण-भात खाल्ला नाही. का खात नाही, ते त्याची आई मला फोनवर विचारत होती.

हे सोनकांबळे सर आमच्या शाळेत मराठी शिकवतात. मी त्याच शाळेत विज्ञान शिकवते. घरंही भिंतीला भिंत लागून. त्यामुळे हा माणूस मला शाळेतही सुटला नाही आणि घरीही नाही. तेव्हा त्यांच्याबद्दल बोलायचा हक्क आमच्या पालम गावात कुणाला असेल तर तो मला आहे, आणि गावानं त्यांची जी गत केली त्याबद्दल चार शब्द सुनावायचाही आहे. या माणसाला जन्मात एकच गोष्ट पाहिजे होती. आपण बोललेलं कुणीतरी एकदा न हसता ऐकून घ्यावं, बस. बंगला नको, गाडी नको, आदर्श शिक्षकाची शालसुद्धा नको. आणि ही एवढीशी गोष्ट द्यायला या गावाच्या जिवावर येत होतं.

त्याचं असं आहे की सर म्हणजे आमच्या भागाचा माईक. लग्नात नवरदेव दोन तास उशिरा आला तरी चालतं, सर उशिरा आलेले चालत नाहीत. आमच्याकडं लग्नात माईकवरून नाव पुकारलं नाही तर पाहुणे न जेवता उठून जातात, आणि नाव पुकारावं तर सरांनीच. "आत्ताच माजी सभापती साहेबांचं आगमन झालेलं आहे! यजमानांच्या वतीनं स्वागत! त्यांच्या पुढं चालत त्यांच्या पोटाचंही आगमन झालेलं आहे, त्याचंही स्वागत!" मांडव गडगडाट करायचा. सभापती स्वतः हसून पोटावरून हात फिरवायचे. वाढदिवस असो, निरोप समारंभ असो, सरांची सुरुवात ठरलेली. माईक टकटक वाजवायचा, चेहरा एकदम गंभीर करायचा आणि विचारायचं, "आज आपण इथं कशासाठी जमलो आहोत?" आणि सगळी जनता एका सुरात, "जेवायला!"

मला त्यांच्या विनोदाला कधी हसू आलं नाही. यात माझा काही मोठेपणा नाही, मला कुणाच्याच विनोदाला येत नाही. आमचे हे म्हणतात, तुझ्या चेहऱ्यावर शाळेची घंटा टांगली तरी तो हलायचा नाही.

पण गावाला सवय लागली ना. सर तोंड उघडायच्या आधीच लोक दात काढू लागले. बाजारात सर विचारणार, "वांगी कशी दिली?" की भाजीवाली पदर तोंडाला लावून खुदुखुदु. दवाखान्यात सर म्हणाले, "डॉक्टरसाहेब, छातीत दुखायलंय." डॉक्टर हसून हसून खुर्चीत मागं रेलले, म्हणाले, "सर, तुमी म्हणजे ना!" ती साधी ॲसिडिटी निघाली म्हणून बरं. एकदा गंगाखेडच्या गाडीत सरांचं पाकीट मारलं. सर ओरडले, "अहो माझं पाकीट गेलं!" तर अख्खी एसटी हसली. चोरही हसला असेल, आणि हसत हसत उतरून गेला असेल.

आता त्या पिक्चरकडं येते. तो कुठल्यातरी परदेशातला, हिंदीत डब केलेला. त्यामुळे त्यातल्या गोऱ्या बायका मरताना "हे भगवान, मुझे छोड दो" म्हणतात. मोबाइलच्या दुकानातून सरांनी तो पेनड्राइव्हवर भरून आणला होता आणि दर रविवारी जेवणाला लावायचे. गोष्ट म्हणाल तर काही नाही. एक गरीब जोकर वाढदिवसाला पोरं हसवायला जातो. लोक त्याच्या तोंडावर केक फासतात, त्याची पँट ओढतात, हसून हसून लोळतात. मग तो एकेकाच्या घरी जातो. पायात पिवळे बूट, लहान पोरांच्या बुटासारखे चूं चूं वाजणारे. दार वाजवतो. पुढं करवत, कोयता, आणि भिंतीवर होळीला खेळल्यासारखं रक्त.

एका रविवारी मी मुद्दाम तो अख्खा पाहिला. सुमनताईनं आग्रह केला, "बसा की मॅडम, मला तेवढीच सोबत." मी विज्ञानाची बाई, तेव्हा पहिल्याच खुनाला म्हणाले, "माणसाच्या अंगात एवढं रक्त नसतं." सर म्हणाले, "गप बसा मॅडम, मज्जा घालवू नका." सुमनताई डोळे झाकून दर पाच मिनिटांनी विचारायची, "मेली का हो ती?" सर म्हणायचे, "अजून न्हाई." "मंग मेल्यावर सांगा."

तेव्हा एक गोष्ट माझ्या लक्षात आली. रक्त उडू लागलं की सर ताटाकडं बघून जेवायचे. खून त्यांना फारसे बघायचेच नसायचे. ते रिमोट घेऊन मागं-पुढं करायचे ते एकाच जागी. दार उघडतं, दारात जोकर उभा असतो, आणि उघडणाऱ्याच्या तोंडावरचं हसू जागच्या जागी मरतं, तिथं. तेवढंच तीन-चारदा बघायचे. मी विचारलं, "सर, यात तुम्हाला एवढं काय आवडतं?" ते म्हणाले, "मज्जा येती." यापलीकडं काही सांगितलं नाही. मला वाटलं, माणसाच्या डोक्यात कुठंतरी तार तुटलेली असते, याची ही.

मग सुमनताई आजारी पडली. आधी अंग बारीक झालं, मग पोटात गाठ निघाली. सर स्टाफरूममध्ये आले. हेडमास्तर चहा पीत होते. सर म्हणाले, "साहेब, रजा पायजे. सुमनला नांदेडला न्यायलोय. डॉक्टर म्हनायलेत, लय दिवस न्हाई काढायची." हेडमास्तरांनी कप खाली ठेवला, चेहऱ्यावर हसू धरलं आणि म्हणाले, "बरं, मग? पुढं?"

ते पुढच्या विनोदाची वाट बघत होते! बाकीचेही माना पुढं काढून बसलेले. सर एकदा सगळ्यांकडं बघून म्हणाले, "पुढं काय न्हाई." तर या लोकांनी त्यालाही दाद दिली. मी उठून म्हणाले, "लाजा वाटू द्या जरा." तेव्हा कुठं रजा मंजूर झाली.

सुमनताई गेली. थोरामोठ्यांसारखी काही बोलून वगैरे गेली नाही. दवाखान्यातून आणलं त्याच दिवशी दुपारी गेली.

जलदानविधीला विहारासमोर मांडव घातला होता. भंतेजींनी त्रिशरण-पंचशील दिलं, आणि आदरांजलीची वेळ आली. आता माईक कुणाच्या हातात द्यायचा? सरांचा चुलतभाऊ इकडं-तिकडं बघून सरळ त्यांच्याकडंच गेला. "दादा, तुमीच घ्या. तुमच्याबिगर कुनाला जमतंय?" ज्याची बायको गेली त्याच्याच हातात सूत्रसंचालनाचा माईक! असला मूर्खपणा आमच्याच गावात होऊ शकतो. आणि सरांनी तो घेतला. इतकी वर्षं माईक दिसला की हात आपोआप पुढं व्हायचा, तसाच झाला. त्यांनी माईक टकटक वाजवला. डोळे सुजलेले, आवाज बसलेला. आणि त्यांच्या तोंडून निघालं, "आज आपण इथं कशासाठी जमलो आहोत..."

मागच्या रांगेतून एक आवाज आला, "जेवायला!"

त्यांचाच जुना विद्यार्थी होता. मुद्दाम नाही म्हणाला बिचारा, त्यालाही सवयच. बोलल्याबरोबर त्यानं तोंडावर हात मारून घेतला. पण तोवर अर्धा मांडव हसून मोकळा झाला होता. बायका पदरात, पुरुष गुडघ्यात तोंड घालून. हसू दाबायचं म्हणून जितके दाबत होते तितकं ते जास्त फुटत होतं. समोर सुमनताईचा फोटो, फोटोपुढं मेणबत्ती. मला तर वाटलं, एकेकाला कानाला धरून बाहेर काढावं. आणि सर काय करत होते? सर बारीक हसले. पाहुण्यांना अवघडल्यासारखं वाटू नये म्हणून! मग त्यांनी एकेका वक्त्याचं नाव पुकारलं, आभार मानले आणि कार्यक्रम नीट पार पाडला. स्वतः मात्र सुमनताईबद्दल एक अक्षर बोलले नाहीत.

पुढच्या रविवारी किंकाळी ऐकू आली तेव्हा मी भाकरी-भाजीचा डबा घेऊन गेले. सर खाटेवर बसले होते. ताटबीट काही नव्हतं. पडद्यावर तेच दार, तोच जोकर. सरांनी पिक्चर थांबवला आणि बोट दाखवलं.

"बगा मॅडम. तेच नाक, तेच केस, तीच टोपी. हासलं का कुनी? सकाळी ह्याच बाईनं त्याच्या तोंडाला केक फासला होता. आता बगा तिचं तोंड. तो काय म्हनतोय ते आयकायलीय."

"त्याच्या हातात करवत आहे, सर."

"व्हय," सर म्हणाले. "तेवढी करवत लागती."

मी डबा खाली ठेवला. मला इतका राग आला, इतका राग आला, आणि तो कुणावर काढावा कळेना. मी म्हणाले, "तुम्ही कशाला घेतला तो माईक? फेकून द्यायचा होता." ते म्हणाले, "मॅडम, हसवनाऱ्यानं रागावलेलंबी लोकांना गंमतच वाटती. मी एकदा एका पोराला मारलं शाळेत. पोरगंच हासत बसलं." मग म्हणाले, "एक काम करता का? वर्षाच्या कार्यक्रमाला मला सुमनबद्दल बोलायचंय. सूत्रसंचालन तुमी करा. तुमाला गाव भितंय. कुनी हासलं न्हाई पायजे, येवढं बगा. मंग मला काही नको."

मी शब्द दिला. आणि वर्षभर हा माणूस त्या एका दिवसासाठी जगला. लग्नाच्या सुपाऱ्या घेत होता, पोटांचं स्वागत करत होता, पण मधूनच भिंतीपलीकडून विचारायचा, "मॅडम, 'सहचारिणी' म्हनू का 'बायको'?" मी म्हणायची, "बायको." परत पंधरवड्यानं, "मॅडम, आजाराचं सांगू का नको?" मी म्हणायची, "तुम्हाला वाटेल ते सांगा." मराठीचा मास्तर, जन्म गेला माईकवर, आणि चार वाक्यांना वर्ष लागलं.

वर्षाच्या कार्यक्रमाला मांडव गच्च भरला. वंदना झाली, मी माईक घेतला आणि सांगितलं, "आता सोनकांबळे सर बोलतील. सगळ्यांनी शांतपणे ऐकून घ्या." झालं! माझ्या एवढ्या सांगण्यावरच पहिली खसखस पिकली. पुढच्या खुर्चीत हेडमास्तर मांडी सावरून बसले, चांगलं ऐकायला मिळणार म्हणून.

सर उठले. पांढरा सदरा, पांढरी पँट. माईक त्यांनी टकटक वाजवला नाही. म्हणाले, "सुमन." आणि थांबले.

लोकांना वाटलं, थांबायची ही त्यांची पद्धतच आहे. हसू सुरू झालं. "वा सर!" म्हणून कुणीतरी मांडीवर थाप मारली. सर बोलेचनात. हसू वाढलं. सर नुसते उभे. ओठ हलत होते, आवाज नव्हता. वर्षभर जुळवलेलं सगळं पुसून गेलं होतं, हे मला दिसत होतं, आणि गावाला त्यात कसब दिसत होतं. मी पुढं होऊन माईक घ्यायला गेले, तर सरांनी मान हलवली. नको.

ते उभेच राहिले. हळूहळू मागचे गप्प झाले. मग मधले. एक लहान लेकरू घाबरून रडायला लागलं, त्याच्या आईनं त्याला उचलून बाहेर नेलं. हेडमास्तरांनी हसरा चेहरा थोडा वेळ तसाच धरून ठेवला, मग त्यांचाही उतरला. मांडवात इतकी शांतता झाली की पलीकडं भांडी लावणाऱ्या पोरांचा आवाज येऊ लागला.

तेव्हा सर बोलले.

"सुमन माझ्या विनोदाला कधी हासली न्हाई. लगीन झालं तवा मला राग यायचा. सगळं गाव हासतंय, हिला काय झालं? मंग कळलं. मी कार्यक्रम करून घरी गेलो की ती पान्याचा तांब्या द्यायची आन् म्हनायची, 'आता बोलू नका. बसा निवांत. हितं कुनी न्हाई.'"

मग म्हणाले, "माझ्या आयुष्यात तेवढीच एक जागा होती, जिथं मला गप बसता येत होतं."

आणि खाली बसले. कुणी हसलं नाही. मागल्या रांगेतला तो जुना विद्यार्थी ढसाढसा रडत होता. मी पुढची नावं पुकारली खरी, पण वक्ते उठेनात.

मला वाटलं, मिळालं बाई या माणसाला त्याचं. पंगतीत बसले तर हेडमास्तर शेजारच्याला सांगत होते, "सरांनी आज जरा जडच केलं." दुसरा म्हणाला, "व्हय ना. खीर गोड लागंना." मला ती वाटी त्यांच्या डोक्यावर ओतावीशी वाटली.

त्यानंतर पेडगावच्या एका लग्नाची ठरलेली सुपारी रद्द झाली. मुलीचा बाप फोनवर म्हणाला, "गैरसमज करू नका सर, पन लोकांना आता तुमाला बगून कसंतरीच वाटतंय." मग मानवतची गेली. परभणीचा एक पोरगा गाण्याची सिस्टीम घेऊन फिरतो, आता सगळीकडं तोच. स्टाफरूममध्ये सर आले की बोलणं थांबतं, कुणी वह्या तपासायला घेतो, कुणी मोबाइल बघतो. भाजीवाली खाली मान घालून भाव सांगते. बँकेतला तो तरुण परवा मला विचारत होता, "मॅडम, सर ठीक आहेत ना? मला त्यांच्याशी काय बोलावं सुचत नाही." मी म्हणाले, "वांगी कशी आहेत ते बोला. पाऊस कसा आहे ते बोला. माणूस आहे तो, भूत नाही." तो "हो हो" म्हणाला आणि दुसऱ्या गल्लीनं गेला. एवढ्या मोठ्या गावाला या माणसाशी वागायच्या दोनच तऱ्हा ठाऊक. एक तर दात काढायचे, नाहीतर तोंड चुकवायचं.

मागच्या रविवारी दुपार झाली तरी सरांच्या घरातून किंकाळी आली नाही. मी बघायला गेले. दार उघडं होतं, टीव्ही बंद. सर जमिनीवर पेपर पसरून मेथी निवडत बसले होते.

"पिक्चर नाही लावला?" मी विचारलं.

"कटाळा आला मॅडम." एक काडी मोडून त्यांनी पानं खुडली. "लोकं आता मला बगून हासत न्हाईत."

"बरं झालं की."

"बरं झालं." ते मेथीकडंच बघत होते. "पन बोलतबी न्हाईत."

घरी माझा गॅसवर कुकर होता, पोरगं भुकेलं होतं, आमचे हे चिडणार होते. मी चपला काढल्या, खाली बसले आणि त्यांच्या पुढ्यातली अर्धी मेथी माझ्याकडं ओढली.